मख्ख माणसाचं शेवटचं वाक्य

लिफ्टदुरुस्तीच्या ऑफिसात तो तक्रारी लिहून घ्यायचा. एक गृहस्थ त्याच्यावर अर्धा तास आगपाखड करत होते, आणि हा आपला ढिम्म. ते दमल्यावर याने विचारलं, "म्हणजे, लिफ्ट वर अडकलीय की खाली?"

गृहस्थ निघाले सिनेमा दिग्दर्शक. तणतणत गेले आणि दुसऱ्या दिवशी भूमिका घेऊन आले!

मेकअपवाल्या ताईंनी पुढे वीस वर्षं, अकरा सिनेमांत तो चेहरा रंगवला. सिनेमे लागायचे एकाच थिएटरात, एकच आठवडा. पण शूटिंग बघावं असं! हा मख्खपणे बोलायचा आणि कॅमेरामनपासून सुतारापर्यंत झाडून सगळे तोंडात रुमाल कोंबून उभे. कोणी फिस्सकन हसलं की टेक वाया.

अकराव्या सिनेमात तो सूप पितो आणि मागे बशांचं कपाट कोसळतं, असं दृश्य होतं. कपाट एकच, बशा फुटणार एकदाच. कपाट पडलं, पण वीतभर पुढे. तो सूप पीत राहिला. सगळ्यांना वाटलं, काय कमाल करतोय!

ताईंना मात्र पावडरीतून फुटलेला घाम दिसला. दिव्यांच्या भट्टीतही हा चेहरा कधी घामेजला नव्हता. पुढे जावं तर अख्खं दृश्य मातीत, न जावं तर याचं काय?

"खड्ड्यात गेल्या त्या बशा," असं मनाशी म्हणत त्या थेट कॅमेऱ्यासमोर धावल्या. गुडघे टेकून त्यांनी त्याच्या पायावर पडलेलं कपाट रेटलं, बूट ओढून काढला. मोजा रक्ताने भिजला होता. दिग्दर्शकांनी ओरडायला तोंड उघडलं, तेवढ्यात ठरल्याप्रमाणे टेबलावरचा फोन वाजला.

त्याने तो उचलला. "नाही, आज घरी विशेष काही घडलं नाही."

दृश्य सिनेमात तसंच राहिलं. थिएटरातली चाळीसेक माणसं हसून हसून बेजार झाली. ताईंनी शेजारी कुबडी घेऊन बसलेल्या त्याला विचारलं, "तेव्हा दुखलं नाही का हो?"

"फार. बोंब मारणारच होतो. तुम्ही पायाशी येऊन बसलात, तेव्हा दृश्यातलं शेवटचं वाक्य आठवलं."

हे सांगतानाही चेहऱ्यावरची रेष हलली नाही. ताईंच्या अंगावर मात्र सर्रकन काटा आला.