पाठीत दार असलेली मेंढी

देवानं जग घडवताना घाई केली आणि पुष्कळ अवयव चुकीच्या ठिकाणी बसवले, असं आमच्या दाजींचं ठाम मत आहे. मत असायला हरकत नाही, पण ती चूक दुरुस्त करायची जबाबदारी आपल्यावर आहे असंही ते धरून चालतात. माझ्या थोरल्या बहिणीचे, अक्काचे, ते यजमान. म्हसवडच्या अलीकडे, आमच्याच गावाबाहेर, पाऊस वाट चुकला तरच जिथं येतो अशा मुलखात, रस्त्याकडेला पत्र्याचं शेड ठोकून ते पुतळे घडवतात. फाटकावर बसवायचे सिंह, देवळासमोरचे नंदी आणि पेन्शनीत निघालेल्या सैनिकांचे छातीपर्यंतचे पुतळे, यावर त्यांचं पोट चालतं. उरलेल्या वेळात ते देवाच्या चुका दुरुस्त करतात. शेडच्या मागच्या बाजूला गेलात तर तिथं सड असलेला हापसा आहे ("पानी काय न् दूध काय, दोन्ही आटलंच की"), गुडघे असलेली खुर्ची आहे आणि चाकांच्या जागी चार कान लावलेली बैलगाडी आहे. ही गाडी कशी चालणार, असं मी एकदा विचारलं. दाजी म्हणाले, "चालायची न्हाई. ऐकायची हाय."

माणसाचं तोंड दिसलं की ते मोजल्याशिवाय दाजींना चैन पडत नाही. माझ्या लग्नात मुहूर्ताला पाच मिनिटं उरली असताना त्यांनी खिशातला दोरा काढून माझ्या सासऱ्यांचं नाक मोजलं. सासऱ्यांना वाटलं ही आमच्याकडची काहीतरी रीत असेल. ते बिचारे डोळे मिटून, हात जोडून उभे राहिले आणि मोजून झाल्यावर त्यांनी दाजींना वाकून नमस्कार केला. प्लास्टरचा साचा भरला की दाजी त्याला कान लावून बसतात. प्लास्टर घट्ट होताना तापतं, तेव्हा ते 'बोलाय लागतं' म्हणे. त्या वेळी शेडमध्ये कुणी बोललेलं त्यांना खपत नाही. अक्काच्या स्वयंपाकघरातले चमचे, उलथनी, झारे एकेक करून शेडमध्ये जातात आणि परत येताना कशाचे तरी पाय होऊन येतात. पाव्हणे जेवायला बसले की अक्का वाढताना सांगते, "आमटी वाटीनं घ्या रं, पळीचा आमच्याकडं मोर झालाय."

पण माणूस खरा. इतका खरा, की धंद्याला मारक. एका सुभेदारांनी स्वतःचा पुतळा सांगितला. दाजी तीन दिवस त्यांच्या ओट्यावर नुसते बसून आले आणि मग असा पुतळा घडवला की मिशीचा केस न् केस सुभेदारांचा, फक्त डोक्यावर फेट्याऐवजी दोरीनं करकचून आवळलेला बिस्तारा. घरचे चिडले. दाजी म्हणाले, "तीन दिस म्या ऐकतोय, ह्येंच्या डोक्यात बदलीबिगर काय न्हाई. फेटा लावला आसता तर खोटं झालं आसतं." सुभेदारांनी पुतळ्याभोवती दोन चकरा मारल्या, बिस्ताऱ्याची गाठ बोटानं चाचपली आणि म्हणाले, "गाठ बराबर हाय." तो पुतळा आजही त्यांच्या दारात उभा आहे.

आता माझ्याबद्दल सांगायला हवं, कारण पुढचं सगळं माझ्यामुळं घडलं. मी आमच्या घराण्यातला पहिला पदवीधर. हे मी कुणी विचारलं तर सांगतो आणि नाही विचारलं तरी सांगतो. माझ्या वडिलांनी उभा जन्म मेंढरं राखली, मी सांगलीला विश्रामबागेत कॉलेजात शिकलो आणि आता तिथंच एका कॉलेजात शिकवतो. तर सुट्टीत मी दाजींच्या शेडमध्ये गेलो आणि त्यांना समजावून सांगितलं की तुम्ही जे करता त्याला अतिवास्तववाद म्हणतात; युरोपात शंभर वर्षांपूर्वी मोठमोठ्या कलावंतांनी हे केलं, स्वप्नात दिसतं तसं ते घडवायचे. दाजींनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "सपनात? झोपायला येळ हुता म्हना की. मला तर जागंपनीच दिसतंय."

त्या वेळी ते मेंढीला दार बसवत होते. ही मेंढी म्हणजे त्यांच्या हातून झालेलं सगळ्यात सुंदर काम. पाय दुमडून बसलेली, तुटक्या फणीनं लोकर विंचरलेली, हात लावला तर उठेल अशी. आणि तिच्या पाठीत एक दार. चौकट, उंबरा, कडीकोयंडा सगळं बेतशीर. दार उघडलं की आत खाली उतरत जाणाऱ्या पायऱ्या, आणि कितीही वाकून बघितलं तरी शेवटची पायरी दिसत नाही. मी विचारलं, हे कुठनं सुचलं. दाजी बिजागरीत स्क्रू पिळत म्हणाले, "आमच्या बाचं सगळं आयुष्य मेंढरामागं गेलं. घर त्येनं बांधलंच न्हाई. मंग त्येचं घर कुठं आसंल, सांगा बरं."

माझा बापही तसाच गेला होता.

मेंढी फायबरची, साच्यातून काढलेली. गावात जो कोणी 'दाजी, आमाला बी एक' म्हणाला त्याला दाजींनी दिली. अशा नऊ झाल्या. एक गिरणीपाशी, एक तालमीच्या दारात, एक आमच्या चुलत्याकडं, तिच्यात कोंबड्या अंडी घालतात. आणि प्रत्येक नव्या मेंढीचा ते एक विधी करत. आमच्याकडं भाऊ वेगळे झाले की जुने देव थोरल्याकडं राहतात. धाकटा सोनाराकडून नवे टाक करून घेतो, म्हणजे देवाचा ठसा उठवलेले ते चांदीचे छोटे पत्रे. मग जुना टाक आणि नवा टाक विड्याच्या पानावर शेजारी शेजारी ठेवायचे, दोघांना भंडारा लावायचा, याला देव भेटवणं म्हणतात. एकदा भेट झाली की नव्या देवाला कुणी नक्कल म्हणत नाही. दाजी तसंच करत. साच्यातून निघालेली मेंढी शेडमधल्या पहिल्या मेंढीच्या नाकाला नाक लावून ठेवायची, दोघींच्या कपाळाला भंडारा, आणि मगच ती ज्याच्या त्याच्या घरी जायची.

हे सगळं मला माहीत होतं. हे मी आधीच सांगून ठेवतो.

सांगलीत एका संस्थेनं शिल्पांचं प्रदर्शन भरवायचं ठरवलं आणि मला समितीवर घेतलं. समितीवर असणं मला आवडतं. मी दाजींच्या मेंढीचा फोटो दाखवला तर सगळे खुर्चीतून पुढं सरकले. हा कलावंत तुम्हाला कुठं सापडला, असं एकानं विचारलं, तेव्हा 'माझे दाजी' असं मी ज्या आवाजात म्हणालो तो आवाज आठवला की आज मला घाम फुटतो. प्रवेशाच्या अर्जात एक वाक्य होतं: ही कलाकृती एकमेव असून तिची दुसरी प्रत अस्तित्वात नाही. खाली कलावंताची सही, त्याखाली शिफारस करणाऱ्याची. मी स्वतःला समजावलं की पहिली ती मूळ, बाकीच्या नऊ नुसत्या नकला, आणि नकला काय कुठंही असतात. अर्ज घेऊन मी गावी गेलो.

"काय लिवलंय ह्यात?" दाजींनी हात पुसत विचारलं.

"मेंढी तुमी घडवली, आसं लिवलंय."

"तुमी वाचलंय न्हवं?"

"वाचलंय की."

"मंग झालं," म्हणाले, आणि एकेक अक्षर कोरून काढल्यासारखी सही केली. त्याखाली मी माझी केली, झोकात.

उद्घाटनाच्या दिवशी दाजी एकटे आले नाहीत. त्यांनी जीप भरून गाव आणलं. फेटे बांधलेली म्हातारी माणसं, नव्या लुगड्यातल्या बाया, सगळी ताठ होऊन दालनात शिरली. मधोमध पांढऱ्या चौथऱ्यावर, दिव्याच्या झोतात मेंढी. मुंबईहून आलेल्या एक शिल्पकार बाई पाहुण्या होत्या. त्या मेंढीपुढून हलायला तयार नव्हत्या, गुडघे टेकून आत बघत होत्या. संस्थेचे अध्यक्ष शेजारी कौतुकानं उभे. मी दोघांच्या मध्ये, जणू मेंढी मीच जन्माला घातली.

तेवढ्यात आमचे चुलते पुढं आले, चष्मा सारखा केला आणि म्हणाले, "आयला, ही आमची. हिला हितं कवा आनली? कोंबड्या कुठं गेल्या?"

"तुमची कशानं?" गिरणीवाल्याची बायको म्हणाली. "ही आमच्या गिरनीफुडची. पीठ झाडून आनल्याली दिसतीया."

"आवं काकी, तुमची खालच्या आंगाला हाय गिरनीपाशी. जीपमधनं येताना बघितली की म्या. ही तालमीतली," असं आमच्या पैलवानानं सांगितलं आणि प्रेमानं मेंढीच्या कानामागं खाजवलं. त्यांच्यात भांडण नव्हतं. प्रत्येकाला आपली मेंढी सांगलीत पोचली याचा आनंद झाला होता आणि दुसऱ्याचीही पोचली असेल तर त्याला त्यांची ना नव्हती.

अध्यक्षांच्या चेहऱ्यावरचं हसू तसंच राहिलं, फक्त वाळलं. बाईंनी दाजींना विचारलं, "अशा किती आहेत?"

"धा. ही धरून."

"मग यातली मूळ कुठली?"

दाजींना प्रश्न आवडला. त्यांनी टोपी मागं सरकवली आणि मनापासून सांगितलं, "बाई, थोरल्याच्या देव्हाऱ्यातला खंडोबा अस्सल आन् धाकट्याच्या घरातला नक्कल, आसं कुनी म्हनंल का? भेट झालीया की समद्यांची. आता काय इचाराल तर सगळ्या मूळच. आन् तसं बगाया गेलं तर एक बी न्हाई, मूळ आमचा बा. त्यो गेला."

कुणीतरी मागं हसलं. बाई हसल्या नाहीत. त्या पिशवीतून वही काढायला लागल्या. पण अध्यक्षांनी हातातला अर्ज उघडला होता. "इथं तर लिहिलंय की दुसरी प्रत नाही," ते म्हणाले, आणि माझ्याकडं बघितलं. "सर, तुमची सही आहे."

त्या क्षणी माझ्यासमोर बरोबर दोन वाक्यं होती. एक खरं होतं. मी दुसरं बोललो.

"मला यांनी तसंच सांगितलं होतं."

बोललो तेही शुद्ध, विश्रामबागेतल्या मराठीत. दाजींनी माझ्याकडं बघितलं. रागानं नव्हे. एखाद्याचा पुतळा करायचा असला की जसं बघतात, नाक कुठं, हनुवटी कुठं, तसं बघितलं. मग अध्यक्षांकडं वळून टोपी काढली.

"व्हय सायेब. म्याच सांगितलं. मेव्हन्यांना काय म्हाईत न्हाई. चूक माजी."

दालनात आमचं अख्खं गाव उभं होतं. घरी मेंढी असलेली माणसं, जी क्षणापूर्वी मोठमोठ्यानं बोलत होती, ती सगळी खाली फरशीकडं बघायला लागली. ज्या माणसानं सुभेदाराला खोटा फेटा बांधला नाही, त्यानं कागदावर खोटं लिहून दिलं, असं त्यांनी त्याच्याच तोंडून ऐकलं. चुलते नुसते म्हणाले, "चला रं, अंधाराच्या आत घर गाठू." पैलवानानं मेंढी चौथऱ्यावरून उचलून खांद्यावर घेतली. मुंबईच्या बाई काहीतरी म्हणत त्यांच्यामागं दारापर्यंत गेल्या, पण जीप चालू झाली होती. मी समितीच्या चहाला थांबलो. हेही लिहून टाकतो.

आठवड्यानं गावी गेलो तर दाजींनी नेहमीसारखं "या मेव्हनं" म्हटलं, गूळ-शेंगा पुढं केल्या, कॉलेजचं विचारलं. अक्का मात्र भाकरी थापत राहिली. निघताना दारात आली आणि हळू आवाजात म्हणाली, "आरं, त्येंनी मेल्याल्या मान्साचं नाक सुदीक आजवर खोटं काडलं न्हाई." एवढंच. खोटं कुणाचं, हे तिला कुणी सांगितलं नव्हतं. नवऱ्याला ती ओळखते आणि भावालाही.

तेव्हापासून दाजींनी मेंढी कुणाला दिली नाही. कुणी मागितली तर 'बघू' म्हणतात. मला वाटलं, मन उडालं. दोन वर्षं मी तसंच समजत होतो, आणि खरं सांगायचं तर ते समजणं मला सोयीचंही होतं. गावात कुणी त्यांना टाकून बोललं नाही, सिंह आणि नंदी चालूच राहिले. फक्त पुतळ्याची बोलणी करताना माणसं आता 'सारखा हुईल न्हवं?' असं विचारतात. पूर्वी विचारत नव्हती.

गेल्या महिन्यात एका दुपारी दाजींचा फोन आला. ते फोन सहसा करत नाहीत.

"मेव्हनं, मोकळं हाय का? एक इचारायचं हुतं. हितं खालच्या आळीला दोगं भाऊ येगळं झालं. थोरल्याकडं मेंढी हाय, धाकटा बी मागतोय. दारात येऊन बसलाय सकाळधरनं. देऊ का?"

"मला कशाला विचारताय, दाजी?"

"न्हाई, त्यो कागद हाय न्हवं तुमचा. दुसरी न्हाई म्हनून लिवलंय त्यात. नऊ हुत्या त्या हुत्या, त्येला विलाज न्हाई. पर आनिक वाढवाय नगं म्हनलं. तुमचं लिवनं आनिक खोटं पडाय नगं."

मी वर्गाबाहेरच्या व्हरांड्यात उभा होतो. आत पोरं वाट बघत होती. मी म्हणालो, "द्या दाजी. आवं, द्या. आन् त्यो कागद तुमचा न्हवता, माजा हुता. त्या दिवशी म्या सगळ्यांफुडं..."

"आवाज तुटतोय बघा," दाजी म्हणाले. "हिकडं रेंजच न्हाई."

फोन त्यांनी बंद केला नाही, बंद करायचं त्यांना नीट जमत नाही. मी तो कानाला धरून तसाच उभा राहिलो. शेडमधल्या कोंबड्या स्वच्छ ऐकू येत होत्या, पत्र्यावर काहीतरी ओढल्याचा आवाज, मग अक्काचा, "काय म्हनतोय?"

"द्या म्हनतोय," दाजी तिला सांगत होते. "साचा काड खाली."