शेवटची तीन पानं

प्रिंटरमधून निघालेला कोमट कागद हातात आला की मला भुसावळचं ते झेरॉक्सचं दुकान आठवतं. बाप-लेकीच्या अबोल्यावरच्या माझ्या एका आवडत्या चित्रपटाची पटकथा मी महिनाभर शोधून नेटवर मिळवली होती. मोबाईलवर वाचून झाली होती, पण मला ती कागदावर हवी होती. दुकानदार नाना बाहेर पडणारं प्रत्येक पान आधी वाचायचे, मग गठ्ठ्यावर ठेवायचे. मागची गिऱ्हाईकं कुरकुरली, तरी नाना वाचतच राहिले. तीन पानं उरली आणि दीपनगरचं वीजकेंद्र इतक्या जवळ असूनही लाईट गेली. मी ऐटीत म्हणालो, "नाना, शेवट मला पाठ आहे, सांगू का?" नानांनी चष्मा काढला. "सगळा नको सांगू भो. पोरगी घरी येते का, तेवढंच सांग. आमची चार वर्षं झाली, नाही आली." पटकथेतलीही येत नाही. "येते," मी ठासून सांगितलं. लाईट आल्यावर नानांनी उरलेली तीन पानं न वाचताच, पालथी करून माझ्या हातात दिली. ती पटकथा आजही माझ्या कपाटात आहे. स्पायरल करताना ती तीन पानं मी त्यात घातली नाहीत, आणि त्याचा मला जराही पस्तावा नाही.