काट्यावर बोट कुणाचं?

सुलभाताईंबरोबर नऊ वर्षं काम करतेय. अहवाल लिहून झाले की कपाटात जातात. किस्से मात्र जमत राहतात आणि कुणी चहा विचारला की बाहेर येतात.

आमचं ऑफिस डोंबिवलीत, पिठाच्या गिरणीच्या वर. सुरुवातीला गिरणीवाल्या काकांनी विचारलेलं, "तुम्ही वर नक्की करता काय?" ताईंनी अर्धा तास समजावलं. जगाचा धान्यव्यापार, त्याचे नियम कोण ठरवतं, त्यात आपला छोटा शेतकरी कुठे बसतो. काकांनी हातावरचं पीठ झटकलं. "म्हणजे काट्यावर बोट कोण ठेवतंय, ते बघता."

ताईंचं प्रत्येक भाषण आता याच वाक्याने सुरू होतं.

*

वाण्याकडे ताई पाकिटांची मागची बाजू वाचत उभ्या राहतात. डाळ कुठल्या देशातली, तेल कशाचं. एकदा तो वैतागला, "मॅडम, वाचनालय पलीकडच्या गल्लीत आहे."

महिन्याभराने गेलो तर तोच फोनवर होलसेलवाल्याला झापत होता, "डाळ कुठली ते आधी सांग. इथे माझी तोंडी परीक्षा असते."

*

धान्यव्यापारावर एक ऑनलाइन परिषद होती. बड्या देशांना दहा-दहा मिनिटं, आम्हाला तीन. ताई बोलायला लागल्या आणि खाली गिरणी सुरू झाली. अध्यक्ष म्हणाले, "तुमच्याकडून फार आवाज येतोय." गिरणी थांबवायला मी जिन्याकडे पळाले. ताईंनी हातानेच अडवलं.

"ज्वारी दळतायत," त्या शांतपणे म्हणाल्या. "आपण सगळे तिच्याबद्दलच बोलतोय."

आणखी पाच मिनिटं मिळाली.

*

घोडबंदर रोडच्या एका सोसायटीत भरडधान्यावर कार्यक्रम होता. ताईंनी मुरबाडकडच्या हिराबाईंना सोबत नेलेलं. त्या स्वतः नाचणी पिकवतात. एका बाईंनी कौतुकाने विचारलं, "तुमच्याकडे नाचणी कशात घालतात? स्मूदीत?"

हिराबाई म्हणाल्या, "पोटात."

हॉल हसला. त्या दिवसापासून तिथली काही घरं नाचणी थेट हिराबाईंच्या गटाकडून घेतात.

*

याच हिराबाईंकडे भाताचं एक जुनं वाण आहे, आजेसासूच्या हातून आलेलं. एका कंपनीचा माणूस त्याचा नमुना मागायला आला. आम्हीही तिथे होतो. ताईंनी त्याचा इंग्रजी फॉर्म वाचला आणि त्यांचा चेहरा उतरला. हिराबाईंना बाजूला घेऊन त्या म्हणाल्या, "यावर अंगठा दिलात, तर या बियाण्यापासून तो जे बनवेल त्यावर हक्क त्याचा. तुमचा नाही."

आणि ताई भांडायलाच निघाल्या.

"बस गं बाय," हिराबाईंनी त्यांना खाली बसवलं. "पाहुणा हाय तो." मग त्याला विचारलं, "याच भाताचा तांदूळ पायजे ना तुला?"

"हो आजी. मूठभर पुरे."

हिराबाई आत गेल्या. बराच वेळ चुलीचा धूर येत राहिला. तो घड्याळाकडे बघत होता, ताई फॉर्मकडे.

हिराबाई बाहेर आल्या त्या वाफाळत्या भाताचं ताट घेऊन.

"मूठभर कशाला," त्याच्यापुढे ताट ठेवत म्हणाल्या, "पोटभर घे."