साखळी पाटलांच्या हातात

पोळा होऊन आठवडा झालेला, मेहकरच्या बाजाराचा दिवस. गुरांच्या दवाखान्यात हजर : डॉक्टरसाहेब, कंपाउंडर म्हणजे मी, सुलतानपूरचे एक पाटील, पाटलीणबाई, दोन गडी आणि कानात किडे पडलेला त्यांचा कुत्रा वाघ्या. काम एकच, कान धुऊन सुई देणे. झालं नाही.

"भेऊन नाही राह्यला तो. खवळून राह्यला," पाटील म्हणाले.

टेबलाखाली शिरून मुतणाऱ्या कुत्र्याबद्दल इतक्या रुबाबात बोलणारा माणूस तुम्हीही पाहिला नसेल. मिशा अशा, की समोरचा बैल बाजूला व्हावा. महाराष्ट्र झाला तेव्हा गावात पहिलं भाषण यांचं, विषय, निर्भयता.

मी नीट पाहिलं होतं. सुया उकळायच्या भांड्याचं झाकण निघालं की आधी पाटलांच्या हातातली साखळी खुळखुळायची, मग वाघ्या थरथरायला लागायचा.

किडे आत चालले होते. हयगय केली तर कुत्रं जाईल, असं साहेबांनी सरळ सांगितलं. मी म्हटलं, उद्या नुसतं आणा. फाटकात भाकर द्या, टेबल हुंगू द्या, घरी न्या. परवा सुई. आणि साखळी दुसऱ्या कुणाच्या हातात द्या.

"माझं कुत्रं दुसरा धरीन? लोक काय म्हणतीन?"

भाकरीचं त्यांनी ऐकलं. वाघ्या शेपूट हलवत टेबलापर्यंत आला, खाऊन गेला. तिसऱ्या दिवशी झाकण निघालं, साखळी खुळखुळली, वाघ्यानं हिसका दिला आणि पाटील फिनेलच्या बादलीत बसले.

बाहेर बैलांच्या दमणीजवळ बसलेल्या पाटलीणबाई उठून आत आल्या. साखळी त्यांनी काढूनच घेतली.

"भेता तुम्ही, अन् नाव कुत्र्याचं काऊन घेता? बाहेर जा."

पाटील कडुलिंबामागे जाऊन डोळ्यांना धोतराचा सोगा लावून उभे राहिले. इकडे वाघ्यानं बाईंचा तळवा चाटत कान धुऊ दिला, सुईही घेतली.

आत येऊन पाटील म्हणाले, "पाह्यलं? भेत नाही म्हनलं होतं ना मी."

वाघ्याचा कान बरा झाला. पुढच्या पेरणीआधी पाटलांच्या पायात गंजका खिळा घुसला. माणसांचा दवाखाना आमच्या भिंतीला लागूनच, फाटक एकच. धनुर्वाताची सुई घ्या, असं बाईंनी सांगितलं, गड्यांनी सांगितलं, मीही निरोप धाडला. खिळ्यानं काय होते, असं उत्तर आलं. जबडा मिटला तेव्हा दमणीत घालून आणलं. या खेपेला हात धरायला पाटलीणबाई होत्या, पण सुईची वेळ गेली होती.

दमणीमागे धावत आलेला वाघ्या फाटकात बसून होता. त्यानं पाटलांना आत जाताना पाहिलं आणि चौघांच्या खांद्यावर बाहेर येताना पाहिलं.

आता तो मेहकरच्या नाक्याच्या पुढे, दवाखान्याकडे, पाऊल टाकत नाही. पिसाळू नये म्हणून द्यायची त्याची सुई राहिली आहे. "भाऊ, पुन्हा पहिल्यापासून भाकर सुरू करू," असा बाईंचा निरोप आहे. नाक्यापासून सुरुवात करायची आहे. अजून झालेली नाही.