गाणं सुचताना हवंय

अभिराम कुणाच्याही घरी गेला की आधी पंखा बंद करायचा. नमस्कार नंतर. "आवाज येतो," म्हणायचा. स्वतःच्या बडबडीचा मात्र त्याला कधी त्रास झालेला मी पाहिला नाही.

स्वतःची गाणी स्वतःच रचणाऱ्या गायकांवर तो माहितीपट करायचा. पुण्याहून संगमनेरला आला की माझ्याकडे उतरायचा आणि माझ्याच भाकरीवर ताव मारत मला कला शिकवायचा. "सर, मला गाणं नकोय. मला गाणं सुचताना हवंय," हे त्याचं ठरलेलं वाक्य. सुरेल आणि बेसूर यांतला फरक त्याला हेडफोन लावूनही कळत नसे. उथळ पाण्याला खळखळाट फार, दुसरं काय!

राजूरच्या किसनरावांकडे त्याला मीच नेलं, हे माझं पाप. किसनराव टेम्पोतून संगमनेरला दूध पोचवायचे आणि परतीच्या वाटेवर रिकाम्या कॅनच्या खडखडाटावर गाणी रचायचे. सगळं तोंडपाठ, कागदावर एक अक्षर नाही. तेव्हा ते लेकीच्या, सविताच्या, हळदीसाठी गाणं जुळवत होते. "हळदीला बाप गातो का कुठं? पर मी गानार हाय," म्हणायचे.

अभिराम कॅमेरा घेऊन टेम्पोत बसला. मीही होतो. पहिल्याच फेरीत किसनरावांनी ते गाणं असं काही उचललं की माझा हात आपोआप मांडीवर ठेका धरू लागला. अभिरामचं तोंड मात्र वाकडं. कॅन वाजतात म्हणून त्याने त्यांच्यामधे गोणपाटं कोंबली. वर, "दादा, जरा हळू. लेक सासरी चाललीय ना? डोळ्यांत पाणी आणा." आठ दिवस हेच चाललं.

"गाडी वाजंना, मंग म्हनू कशावर?" किसनरावांनी एकदा विचारलं.

"आतल्या लयीवर."

आतली लय म्हणे! पाहुण्याचं मन मोडायचं नाही म्हणून तो भला माणूस रडवेलं गात राहिला.

अभिराम गेला आणि किसनरावांची मूळ चालच हरवली. गोणपाटं काढून महिनाभर टेम्पो फिरवला, पण व्यर्थ. "सर, कॅन तसंच वाजत्यात, पर तोंडात ती रडकीच चाल येती. त्येंच्याकडं पयलं आसंल, तेवढं मागा की."

मी फोन केला. "पहिला टेक? फार कच्चा होता सर, तेव्हाच उडवला," अभिराम म्हणाला. "पण हळदीला येतोय मी. क्लायमॅक्स आहे तो."

आला. मांडवात कॅमेरा लावून बसला. किसनरावांनी पेटी पुढे ओढली, दोन ओळी म्हटल्या आणि हळद लावणाऱ्या बायकांचे हात थांबले.

"आबा," सविता हळूच म्हणाली, "तुमी आंगनात म्हनायचे ते आसं नव्हतं."

किसनरावांनी पेटी बंद केली आणि मान खाली घातली. अभिराम गुडघ्यांवर सरकत थेट त्यांच्या चेहऱ्याशी गेला. माझं डोकंच फिरलं. मी मधे जाऊन उभा राहिलो.

"सर, फ्रेममध्ये येताय."

"येणारच," मी म्हणालो, "तू मांडवाबाहेर जाईपर्यंत."

गेला. जाताना तोरणाचा शॉट घेऊन गेला. सविताला हळद लागली ती गाण्याविनाच.