कावळा पाहुणा

कुमाऊंच्या डोंगरांत संक्रांतीला नदीच्या संगमावर जत्रा भरते. तिथे थंडीत कुडकुडत उभा असताना एका म्हातारीने माझ्या गळ्यात तळलेल्या गोड कणकेच्या तुकड्यांची माळ घातली. मी लगेच सावध झालो. परक्या गावात कुणी उगाच काही देत नाही. मग तिने स्वतःच्या माळेतला एक तुकडा तोडला, हात वर केला आणि कावळ्यांना हाका मारू लागली, तेव्हा मी एक पाऊल मागेच सरलो. आपल्याकडे कावळ्याची अशी मनधरणी दहाव्यालाच करतात.

वडिलांच्या पिंडाला कावळा शिवला नव्हता. सगळ्यांनी एकेक वचन देऊन पाहिलं, शेवटी दर्भाचा कावळा करावा लागला. तेव्हापासून आमच्या घरात प्रत्येकाला दुसऱ्याचा संशय येतो, की नक्की कुणामुळे अडलं होतं?

"कौन गुजर गया, अम्मा?" मी हळूच विचारलं.

म्हातारी खळखळून हसली. "कोई नहीं! आज तो कव्वा मेहमान ठैरा. तुम भी खिलाओ."

मी बिचकतच एक तुकडा तळहातावर धरला. समोरच्या पत्र्यावरून कावळा मान वाकडी करून एका डोळ्याने मला जोखत होता. मीही त्याला. याला आता काय हवं असेल? बहिणीला अंतर देणार नाही म्हणू, की घर विकणार नाही म्हणू?

तेवढ्यात पंखांचा वारा लागला आणि तळहात रिकामा झाला. मी तर अजून काहीच कबूल केलं नव्हतं.