स्कोअरबेंचवरून पाहिलेला टेरेल

फोन आला तेव्हा मी मीटिंगमध्ये होतो. म्हणजे मॉसन लेक्सच्या आमच्या घरी, स्वयंपाकघरातल्या टेबलाशी लॅपटॉप उघडून, माइक बंद ठेवून मटार सोलत बसलो होतो. साथ आल्यापासून माझ्या सगळ्या मीटिंगा भाजी निवडतच पार पडत होत्या. नंबर देशाच्या दुसऱ्या टोकाच्या डार्विनचा होता. "नितीन? मी पीट, टेरेलच्या क्लबचा कोच," पलीकडचा माणूस म्हणाला आणि थांबला. इथली माणसं फोनवर आधी हवापाण्याचं बोलतात. हा नुसताच थांबला, तेव्हा मी हातातली शेंग खाली ठेवली. "सॉरी मेट... टेरेल गेला. आज दुपारी. मुलांचं ट्रेनिंग संपलं आणि तो बाकावर बसल्या बसल्याच..." मागे मुलांचा आवाज येत होता, कुणीतरी रडत होतं. सव्वीस वर्षांचा मुलगा. मी लॅपटॉप मिटला आणि वर अभ्यासिकेत काम करणाऱ्या बायकोला, मधुराला, हाक मारली. ती खाली आली. तिने माझ्या तोंडाकडे पाहिलं आणि तीच म्हणाली, "टेरेल ना?"

या गोष्टीला आता काही आठवडे झाले. लिहू लिहू म्हणत होतो, पण खरं सांगायचं तर कंटाळा आला आहे. बातम्यांचा, बंद सीमांचा, स्क्रीनवरून रडण्याचा. तरीही लिहायला हवं, कारण टेरेल हा माणूस एका मराठी घरात राहून गेला, हे इथल्या क्लबातली चार माणसं सोडली तर कुणाला ठाऊक नाही.

बास्केटबॉल हा खेळ माझ्या आयुष्यात आला तो शिक्षा म्हणून. आमची इरा इथल्या क्लबात खेळायला लागली आणि मला कळलं की इथे मुलांना नुसतं सोडून घरी जाता येत नाही. आईबापांनाही ड्युटी असते. कुणी कँटीनमध्ये सॉसेज भाजायचे, कुणी फरशी पुसायची. मी शाकाहारी, म्हणून मला सॉसेजपासून वाचवून स्कोअरबेंचवर बसवलं. कोर्टाच्या कडेच्या टेबलाशी बसून कुणी किती गुण केले, कुणाचे किती फाउल झाले ते मांडायचं. जन्मभर क्रिकेट पाहिलेल्या माणसाला हा खेळ म्हणजे नुसती धावपळ वाटायची. पण मांडता मांडता तो कळायला लागला, आणि वर्षभरात मी मोठ्यांच्या संघाच्या सामन्यांनाही बसू लागलो.

आमच्या क्लबसारखे दुसऱ्या फळीतले क्लब अमेरिकेतून एखादा व्यावसायिक खेळाडू आणतात आणि एखाद्या कुटुंबाकडे राहायला ठेवतात. त्या वर्षी ज्यांच्याकडे खेळाडू राहायचा त्यांनी आयत्या वेळी नकार दिला. सेक्रेटरी बाईंनी सभेत विचारलं, "कुणाकडे रिकामी खोली आहे?" आणि इराने हात वर केला. आम्ही दोघं तिच्याकडे पाहतच राहिलो. मधुरा गाडीत म्हणाली, "अगं, तो काय खाईल आपल्याकडे?" इराचं नेहमीचं उत्तर, "फूड, आई. ही'ल ईट फूड."

आणि त्याने खाल्लं. पहिल्या दिवशी साडेसहा फुटांच्या वरचा तो पोरगा मागच्या खोलीच्या दाराशी वाकून उभा राहिला आणि म्हणाला, "थँक यू फॉर हॅविंग मी, आई." इरा दिवसभर जी हाक मारते ते तिच्या आईचं नावच असणार, असं त्याने बिचाऱ्याने धरलं होतं. क्लबात सगळ्यांना सांगत फिरला, मी नितीन आणि आईकडे राहतो. पुढे अर्थ कळल्यावर लाजला, पण हाक बदलली नाही. मधुरा तेव्हा जेमतेम चाळिशीची. "एवढा घोडा मला आई म्हणतो," असं ती मैत्रिणींना तक्रारीच्या सुरात सांगे. तक्रार कसली, मिरवणं होतं ते.

तो आला आणि साथ आली. सीझन आधी पुढे ढकलला, मग रद्द होणार अशी आवई उठली. बाकीच्या क्लबांचे अमेरिकन खेळाडू मिळेल त्या विमानाने परतले. टेरेल राहिला. गेलो तर परत येता येणार नाही, हे त्याला पक्कं कळलं होतं. अमेरिकेत व्यावसायिक संघ नवे खेळाडू निवडतात त्या दिवशी त्याचं नाव कुणी पुकारलं नव्हतं. मग एका छोट्या संघात वर्षभर राखीव म्हणून बाकावर, तिथून कुठल्याशा थंड देशात अर्धा सीझन, आणि मग आम्ही. "नितीन, माझ्याकडे शेवटचा एक प्रयत्न उरलाय," तो म्हणायचा. इथल्या पहिल्या फळीत शिरायचं आणि तिथून वर. लॉकडाउनच्या दिवसांत तो आमच्या कारपोर्टमध्ये, म्हणजे गाडीच्या छपराखाली, तासन् तास चेंडू आपटायचा. शेजारच्या आजोबांनी तक्रार करायच्या ऐवजी खुर्ची टाकून बघायला सुरुवात केली.

हिवाळ्यात छोटा सीझन झाला. प्रेक्षक लांब लांब बसवलेले, टाळ्या विरळ. पण टेरेल असा खेळला की माझा पेन मागे पडायचा. तो उंच होता म्हणून नव्हे, उंच तर बरेच असतात. चेंडू कुठे येणार ते त्याला आधी कळायचं, आणि तो घाई न करता तिथे जाऊन उभा असायचा. सामन्याला निघताना मधुरा त्याच्या तळहातावर दही-साखर ठेवायची. इराच्या परीक्षेला ठेवते तशीच. एकदा ती विसरली आणि संघ हरला. त्यानंतर हा गाडीत बसलेला उतरून परत यायचा आणि तळहात पुढे करून उभा राहायचा.

सीझन संपता संपता पहिल्या फळीतल्या एका क्लबाचा फोन आला. करार तयार होता, फक्त वैद्यकीय तपासणी राहिली होती. तपासणीच्या सकाळी मधुराने दही-साखर जरा जास्तच दिली. दुपारी तो परतला तो सरळ मागच्या खोलीत गेला. हृदयाचा स्नायू जन्मापासून जाड आहे, डॉक्टर म्हणाले, स्पर्धेतला खेळ बंद. मधुरा दाराबाहेर उभी राहून रडत होती. त्यालाच तिची समजूत काढावी लागली. "आई, इट वर्क्ड," तो म्हणाला. "दह्यामुळेच तर सापडलं." तेव्हापासून आमच्या घरात दही-साखर बंद आहे. इरा परीक्षेला तशीच जाते.

खरी परीक्षा नंतर आली. त्याच्या एजंटने महिन्याभरात दुसऱ्या एका देशातला संघ शोधला. तिथे तपासणी नावापुरती होती. 'सही कर, विमानात बस, कुणी विचारणार नाही.' टेरेल आठवडाभर जेवणाच्या टेबलाशी नुसता बसून असायचा. इराचं मत, त्याचं आयुष्य आहे, त्याला खेळू द्या. मधुरा तिच्यावर ओरडली. शेवटी टेरेलने स्वयंपाकघरातूनच त्याच्या आईला, मिस लोरेनना, व्हिडिओ कॉल लावला. ही बाई हॉस्पिटलात सफाईचं काम करणारी, तिकडे साथ ऐन भरात, तोंडावर मास्कचे वळ. तिने सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाली, "बेबी, मी रोज माणसं झाकून बाहेर काढलेली बघते. मला तू जिवंत पाहिजेस. वचन दे." मग त्याने वचन दिलं. मधुराने गॅस बंद केला आणि भांडी घासायला घेतली, कारण कुणीतरी काहीतरी करायला हवं होतं.

त्यानंतरचा टेरेल थकलेला होता. क्लबाने त्याला मुलांचा कोच केलं. इराच्या संघाला तो शिकवायचा, पण खुर्चीत बसून. मुली चिडवायच्या, "कम ऑन, कोच, एकदाच!" तो हसून मान हलवायचा. घरी यायचा तेव्हा दिवसभर दगड फोडल्यासारखा दिसायचा. "खेळून मी कधी एवढा दमलो नाही, नितीन. न खेळून दमलोय," असं एकदा म्हणाला. मी काय बोलणार? "होईल सगळं ठीक," म्हणालो... असल्या वेळी माणूस जे बोलतो तेच. पुढे डार्विनला पूर्णवेळ कोचची जागा निघाली आणि तो गेला. दर रविवारी फोन यायचा. तिथला उकाडा, मगरींच्या पाट्या, आणि आईच्या हातच्या वरणभाताची आठवण.

टेरेल वारला तेव्हा मिस लोरेनना इकडे यायला परवानगी नव्हती, परदेशी माणसाला सीमा बंदच होती. तिने मधुराला फोन करून विचारलं, "तुम्ही जाल का? कुणीतरी घरचं असायला हवं." आम्ही परवाने काढले, नाकात काड्या घालून घेतल्या आणि तिघंही डार्विनला पोचलो. पावसाळ्याआधीचा असा उकाडा की अंगावरचे कपडे नकोसे व्हावेत. निघण्याआधी मिस लोरेनने मला एक काम सांगितलं होतं. आवाज अगदी कोरडा होता. "तो खेळत होता का, ते मला शोधून सांग. मला खरं सांग." आपल्याला दिलेला शब्द पोराने मोडला का, एवढंच त्या माउलीला कळायला हवं होतं. तीन रात्री ती झोपली नव्हती.

मी पीटला विचारलं. त्याने लगेच मान हलवली. "कधीच नाही. मुलांनी किती गळ घातली तरी नाही. त्या दिवशी पायात थाँग्ज होत्या त्याच्या." थाँग्ज म्हणजे आपल्या रबरी चपला. डॉक्टरही म्हणाले, या आजारात असं होतं कधी कधी, शांत बसलेल्या माणसालाही. मग आम्ही त्याची खोली आवरायला गेलो. कपाटात वरच्या फळीवर एक खोकं होतं. इराने ते उघडलं. त्या पहिल्या फळीतल्या क्लबाच्या रंगाचे बूट, त्याच्या त्या अवाढव्य मापाचे. तपासणीच्या आधी हौसेने आणले असणार. नाड्या ओवून तयार होत्या. मी बूट उलटे केले. तळवे कोरे करकरीत, एक ओरखडा नाही.

आम्ही तिथूनच, त्याच्या पलंगावर बसून, मिस लोरेनना फोन लावला. मी सांगितलं, तो खेळला नाही. एकदाही नाही. पुरावा म्हणून बुटांचे तळवे कॅमेऱ्यासमोर धरले. मला वाटलं होतं, तिला हायसं वाटेल. ती त्या तळव्यांकडे बघत राहिली. मग तोंडावर हात धरून म्हणाली, "अरे देवा. मग खेळला असता तर काय बिघडलं असतं!"

मधुरा फोनला हात लावून नुसती बसली. दोन्ही आया रडत होत्या आणि मला इतका शीण आला होता की रडूही येत नव्हतं. फोन ठेवता ठेवता मिस लोरेन म्हणाली, "ते बूट मला पाठवू नका. कुणाला तरी घालून एकदा फ्लोअरवर पळू दे. एकदाच."

घरी आल्यावरच्या शनिवारी इराची मॅच होती. सामना संपून हॉल रिकामा झाला तेव्हा तिने तीन जोड मोजे चढवले, टेरेलच्या बुटांत पाय घातले आणि नाड्या घोट्याभोवती दोनदा गुंडाळून बांधल्या. मी अजून स्कोअरबेंचवरच होतो. ती या टोकापासून त्या टोकापर्यंत पळाली. फताक फताक, वेडीवाकडी, एकदा पडता पडता वाचली. वळताना रबर फरशीवर करकरलं. सामन्यात शेकडो वेळा होतो तोच आवाज, एरवी त्याकडे लक्षही जात नाही. फरशी पुसायला आलेली बाई मॉप धरून थांबली.

ते बूट आता मागच्या खोलीत खिडकीखाली आहेत. मधुरा रोज ती खोली झाडते, पलंगाखालची धूळ काढते, खिडकीच्या काचा पुसते. बुटांचे तळवे मळलेले आहेत. ते मात्र ती पुसत नाही.